जरा धाक दाखवा

१२ जून

ही डायरी धुलाईच्या कारखान्याने जानेवारीत दिली होती. तेव्हापासून फडताळात पडून आहे. फुकट मिळालेली वस्तू वाया घालवणं माझ्या जिवावर येतं, म्हणून आजपासून लिहायचं. लिहिण्यासारखं माझ्याकडे काय असणार म्हणा. सकाळी हॉटेलांच्या चादरी रोलरखाली घालायच्या, दुपारी घरी यायचं, वन्संचे गुडघे आणि ठमीची बडबड ऐकायची. ठमी माझी मुलगी, नववीत आहे. लहानपणी ठेंगणीठुसकी होती म्हणून तिचे वडील तिला ठमी म्हणायचे. ते गेले, पोरगी उंच झाली, नाव राहिलं. वन्सं म्हणजे त्यांच्या थोरल्या बहीण. त्या आमच्याकडेच असतात.

आज शाळेत पालकांची सभा होती. यंदा शिस्तीसाठी वेगळे सर नेमले आहेत. माणूस बारीक, पण आवाज असा की मागच्या बाकावरची डुलकी उडावी. म्हणाले, "घंटा झाली की गेट बंद. का उशीर झाला, ते मी विचारणार नाही. कारणं ऐकायला लागलं की कारणं वाढतात." गेटजवळच्या खोलीत आता एक पोलीसही बसणार आहे. मुलांना वळण लागावं म्हणून.

पहिली टाळी माझी होती. चादर ओली आहे तोवरच रोलरखाली घालावी लागते, वाळल्यावर सुरकुती जात नाही. मुलांचंही तेच आहे.

घरी आल्यावर ठमीने हात मागे बांधून, नाक फुगवून सरांची नक्कल केली. मी सांगितलेल्या वर्णनावरून केली, पण हुबेहूब. वन्सं हसून हसून खोकल्या. मी हसू दाबलं. आईने हसायचं नसतं.

२६ जून

माझी पाळी आता पहाटेची झाली. मी निघते तेव्हा दोघी झोपलेल्या असतात. वन्संना उठवणं, धरून मोरीपर्यंत नेणं, चहा, गोळ्या, सगळं ठमीकडे. करते बिचारी, तोंड चालवत का होईना.

आज तिला उशीर झाला आणि गेट लागलं. गेटवाले काका म्हणाले म्हणे, "पोरी, मला नोकरी आहे." मग ती शाळा सुटेपर्यंत बाहेरच. बाहेर आणखी पाचसहा जण असतात, टायरच्या दुकानामागच्या कठड्यावर बसतात. त्यांच्यातला एक लंब्या म्हणून आहे, त्याची आई रात्रपाळी करते आणि धाकट्या भावाला तोच शाळेत पोहोचवतो.

मी म्हटलं, "इतरांची कर्मकथा मला नको. तू लवकर ऊठ."

"उठले होते गं आई. आत्याचा पाय आज टेकतच नव्हता."

"मग आणखी लवकर ऊठ."

८ जुलै

पुन्हा गेट. वन्संचं पोट बिघडलं होतं, लुगडं बदलावं लागलं. सरांना भेटून थोडी सवलत मागावी असं मनात आलं होतं. पण ज्या सभेत आपणच टाळी वाजवली, तिथे कोणत्या तोंडाने जायचं. गेले नाही.

१९ जुलै

ठमीला आज दिवसभर 'शांत खोली'त बसवलं. सरांनी वर्गात विचारलं, "तूच नेहमी उशिरा का?" तर ही म्हणाली, "सर, कारण विचारणार नाही असं तुम्हीच म्हणाला होतात." वर्ग हसला. झालं.

शांत खोलीत एक खुर्ची असते, भिंतीकडे तोंड केलेली. पुस्तक न्यायचं नाही, मान वळवायची नाही, लघवीला जायचं तरी हात वर करून थांबायचं. मी म्हटलं, खुर्ची तरी दिली, आमच्या वेळी अंगठे धरून उभं करायचे. ती काही बोलली नाही. जेवली आणि वन्संच्या पायाशी जाऊन झोपली. म्हटलं, बरं झालं, जीभ जरा आखडली तर जेवण अंगी लागेल.

२ ऑगस्ट

ठमीला शाळेतून दहा दिवसांसाठी काढलं आहे. कारण, हजेरी फार कमी.

कारखान्यात माझ्याबरोबर घडीवाली असते. चादर रोलरमधून निघाली की दोन टोकं तिची, दोन माझी, आणि दोघींनी एकाच वेळी पुढे यायचं. तिला सांगितलं तर ती मध्येच थांबली आणि चादर जमिनीला लागली.

"म्हणजे शाळेत येत नाही म्हणून शाळेत येऊ नको?"

"नियम आहे."

"नियमाला डोकं नको का?"

"डोकं नसतं म्हणूनच तो सगळ्यांना सारखा असतो," मी म्हटलं.

तिने जमिनीला लागलेली चादर उचलून झटकली. मला माझंच वाक्य आवडलं, म्हणून इथे लिहून ठेवते.

९ ऑगस्ट

आठवडा चांगला गेला. ठमी घरी असल्यामुळे वन्संचे पाय रोज चोळून होतात, त्यांची कळी खुलली आहे. आत्या-भाचीचं काहीतरी गुळपीठ चाललंय. मी आत आले की दोघी गप्प होतात. काल दूधवाल्याने वन्संच्या हातात एक पुडकं दिलं, ते त्यांनी उशीखाली सरकवलं. औषध असेल. त्यांची औषधं संपता संपत नाहीत.

आज सगळ्या पालकांना शाळेचा निरोप आला. बाजारातल्या दुकानांमधून वस्तू जातात, गेटबाहेर भटकणाऱ्या मुलांवर संशय आहे, पालकांनी डोळ्यांत तेल घालून लक्ष ठेवावं. वाचून मान खाली गेली. गेटबाहेर भटकणाऱ्यांत माझीही आहेच.

१३ ऑगस्ट, संध्याकाळ

जे झालं ते झालं त्या क्रमाने लिहिते. वेगळं काही सुचत नाही.

आज ठमी पुन्हा शाळेत जायला लागली. वेळेवर पोहोचली. माझी पाळी संपल्यावर मी तिला न्यायला गेले, मुद्दाम, कोणाबरोबर बाहेर पडते ते बघायला. ती लंब्याबरोबर बाहेर पडली. हातवारे करून त्याला काहीतरी सांगत होती, बाही वर गेली आणि मनगटावर घड्याळ दिसलं. नवंकोरं.

"कुठून आणलंस?"

"घरी चल, सांगते."

"इथे सांग."

"इथे नको ना आई. घरी सांगते."

मला वाटलं, वाटेत थाप रचायला वेळ हवाय. आजूबाजूच्या आया बघत होत्या. शाळेचा निरोप माझ्या डोक्यात होता. मी तिचं मनगट धरलं आणि तिला सरळ गेटजवळच्या पोलिसाच्या खोलीत नेलं.

तो पोलीस तसा भला माणूस आहे. मला खुर्ची दिली, पाणी दिलं. मी म्हटलं, "साहेब, जरा धाक दाखवा. थोडा वेळ बसवून ठेवा, मोठा आवाज काढा, मग मी घेऊन जाते."

तो हसला. "ताई, सगळ्या आया तुमच्यासारख्या असत्या तर माझी नोकरी गेली असती."

मला बरं वाटलं. तेवढ्यात ठमी म्हणाली, "आई, आत्याने..." मी म्हटलं, "घरचं इथे काढू नकोस. मोठी माणसं बोलताना मध्ये बोलू नकोस." 

पोलिसाने विचारलं, "काय घेतलंय तिने?" मी म्हटलं, घड्याळ, बाजारातून उचललं असेल. "तुमची तक्रार आहे का?" मी म्हटलं, "हो, म्हणजे धाकापुरती." त्याने लिहिलं आणि पेन पुढे केलं. कोणी पेन पुढे केलं की सही करायची, हीच मला सवय. मग तो म्हणाला, तुम्ही समोर असलात की मूल घाबरत नाही, जरा बाहेर जाऊन या. मी कोपऱ्यावर पाव आणायला गेले.

परत आले तेव्हा दार सताड उघडं होतं आणि पोलीस रुमालाने ओठ पुसत होता. रुमालावर रक्त होतं. पुरावा म्हणून तो ठमीच्या हातातलं घड्याळ काढायला गेला, तिने हात ओढून घेतला आणि कोपर त्याच्या तोंडावर बसलं. तो चिडला नव्हता. थकल्यासारखा म्हणाला, "ताई, आता माझ्या हातात काही नाही. वर्दीवर हात पडला की मला वर कळवावंच लागतं."

गाडी आली. शाळा सुटल्यावर खेळायला थांबलेली मुलं बघत होती. शिस्तीच्या सरांनी त्यांना आत घेतलं. ठमी गाडीत बसली आणि माझ्या हातातल्या पावाकडे बघत राहिली. मी पाव पुढे केला. बाईपोलीस म्हणाली, आता काही द्यायचं नसतं.

घरी येऊन वन्संना सांगितलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं.

"अगं, ते घड्याळ मी दिलं तिला," त्या म्हणाल्या. "दूधवाल्याकडून आणवलं. गजर होतो त्यात. माझ्यापायी पोरीला उशीर होतो, म्हटलं निदान वेळ तरी कळेल."

"मला का नाही सांगितलंत?"

"तू म्हणाली असतीस, आधी गुडघ्याचं बघा. मीच तिला म्हटलं, आईला मी सांगेन, तू बोलू नकोस."

मी कांदा चिरत होते. कांदा संपला तरी सुरी चालूच होती. मग वन्संनी माझ्या हातातून ती काढून घेतली. त्या उठून ओट्यापर्यंत चालत आल्या होत्या, आणि ते आमच्या दोघींच्याही लक्षात आलं नाही.

१४ ऑगस्ट

वन्संना रिक्षात घालून, दूधवाल्याला बरोबर घेऊन मोठ्या पोलीस ठाण्यात गेले. दूधवाल्याने दुकानाचं नाव सांगितलं, दुकानदारानेही फोनवर हो म्हटलं. सगळं अगदी सरळ झालं. साहेब म्हणाले, "ठीक आहे, चोरी नाही. तुमची तक्रार मागे घेतली."

मी उठले. "मग पोरगी?"

"चोरी गेली हो ताई. मारहाण राहिली ना."

चोरीच नव्हती तर हिसकाहिसकी कशावरून झाली, असं वन्संनी विचारलं. साहेब म्हणाले, ते कोर्टात बोला. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. मी तर लेकराला स्वतःच्या हाताने धरून चढवलं.

२० ऑगस्ट

मुलांचं कोर्ट वेगळं असतं. खोली लहान आहे, भिंतीवर फुलांचं चित्र आहे. सरकारने दिलेल्या वकीलबाई तरुण आहेत, एका पायाने सतत जमीन ठोकतात. म्हणाल्या, पुढच्या तारखेपर्यंत ठमीला सुधारगृहात राहावं लागेल. शाळेत परत घेतलं तर सोडवणं सोपं जाईल.

शाळेत गेले. शिस्तीच्या सरांनी उठून नमस्कार केला. म्हणाले, "ताई, केस आहे म्हटल्यावर नाव काढावंच लागलं. तुम्हाला वेगळं आणि दुसऱ्याला वेगळं असं मी करू शकत नाही. नियम सगळ्यांना सारखा."

हे माझंच वाक्य होतं. त्यांनी माझ्याकडून घेतलेलं नव्हतं, पण होतं माझंच. निघताना त्यांनी मला सप्टेंबरच्या पालकसभेला बोलावलं. आपल्या मुलीला स्वतः पोलिसाकडे आणणारी आई इतरांना दिसली पाहिजे म्हणाले.

२८ ऑगस्ट

भेटीचा दिवस. ठमी समोरच्या बाकावर बसली. नखं कापलेली, केस घट्ट बांधलेले. मी म्हटलं, आत्याने घड्याळाचं सगळं सांगितलं. ती म्हणाली, हं. खायला नीट मिळतं का विचारलं, हो म्हणाली. शेजारून पहारेकरीण गेली तशी ती पटकन उठून उभी राहिली आणि ती जाईपर्यंत बसली नाही.

मी विचारलं, "माझा राग आलाय का?"

"नाही, बाई," ती म्हणाली.

तिच्या लक्षात आलं नाही. मी ऐकून न ऐकल्यासारखं केलं आणि वन्संचा निरोप सांगितला.

११ सप्टेंबर

पालकसभेला गेले. न जाण्याचं ठरवलं होतं. पण वकीलबाई म्हणाल्या, शाळेला दुखवू नका, अजून गरज लागेल. पहिल्या रांगेत बसवलं. सरांनी माझी ओळख करून दिली. मी उठले आणि म्हणाले, "घड्याळ तिचंच होतं. चूक माझी झाली."

सर माइकवर म्हणाले, "आईचं मन आहे, समजून घ्या." लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी खाली बसले. टाळ्या बराच वेळ चालल्या, आणि तेवढा वेळ मला काहीच वाटत नव्हतं. पायाला मुंगी चावत होती, ती तेवढी कळत होती.

१९ सप्टेंबर

मुकादमाच्या पाया पडायचं बाकी ठेवलं आणि दुपारची पाळी मागून घेतली. ठमी घरी आली की सकाळचं सगळं माझ्याकडे.

इतके दिवस शेजारीण येऊन बघायची, आज पहिल्यांदा ते मी केलं. वन्संना उठवलं, मोरीपर्यंत नेलं, पुन्हा नेलं, लुगडं बदललं, चहा गार झाला म्हणून परत गरम केला, गोळी घशात अडकली म्हणून पाठ चोळली. मी चाळीशीतली बाई, कारखान्यात हात चालतो म्हणून नाव आहे माझं. सगळं उरकून जवळपास पळतच शाळेपर्यंत गेले. कशाला गेले माहीत नाही. गेट लागलं होतं. गेटवाल्या काकांनी मला ओळखलं आणि दुसरीकडे बघितलं.

लंब्या कठड्यावरून उठून आला. "काकू, ठमी कधी येणार?" त्याच्या दप्तरातून धाकट्या भावाची पाण्याची बाटली बाहेर आली होती, द्यायची राहिलेली. मी त्याला म्हटलं, येईल. आणि इथे बसू नकोस, घरी जा. तो म्हणाला, घरी आई झोपलेली असते, उठली तर शाळा बुडवली म्हणून मारेल.

मला त्याच्या आईचं मन अगदी नीट कळलं.

३ ऑक्टोबर

चार शाळांनी दाखला बघून नाही म्हटलं. पाचवी नदीपलीकडे आहे, दोन बस बदलून जावं लागतं. तिथल्या मोठ्या बाईंनी दाखला वाचला, बाजूला ठेवला आणि विचारलं, "मुलगी कशी आहे?" मला सांगता येईना. किती दिवसांनी कोणी विचारलं होतं. शेवटी म्हटलं, बडबडी आहे, नकला छान करते. त्या म्हणाल्या, आणा तिला.

बाहेर येऊन बसथांब्यावर रडले. बस आली तेव्हा डोळे पुसले. घडीवालीला सांगितलं तर तिने रोलरच्या आवाजावर ओरडून सगळ्यांना सांगितलं. वन्संनी ठमीचं अंथरूण आजच उन्हात टाकायला लावलं.

१० ऑक्टोबर

आज तारीख होती.

सगळं जमून आलं होतं. वकीलबाई नीट बोलल्या. पोलिसानेही सांगितलं की मुलीने मुद्दाम मारलं नाही, हिसक्यात लागलं. वाईट माणूस नाही तो, आधीही लिहिलंय. नव्या शाळेचं पत्र दाखवलं, माझी दुपारची पाळी सांगितली. न्यायाधीशबाई वयस्क आहेत, मऊ बोलतात. त्यांनी सुधारगृहाचा अहवाल वाचला. वागणूक उत्तम, शांत असते, शिस्तीत राहते, एकदाही तक्रार नाही. "छान," त्या म्हणाल्या. मग ठमीकडे वळून, "बाळ, घरी जायचं ना? तुला काही सांगायचंय?"

ठमीने माझ्याकडे बघितलं. परवानगीसाठी बघितलं, हे मला थोड्या वेळाने कळलं. मी म्हटलं, "बोल गं."

ती उभी राहिली, हात मागे बांधले. जूनमध्ये सरांची नक्कल करताना बांधले होते तसेच, पण ही नक्कल नव्हती.

"मला तिथेच राहू द्या," ती म्हणाली.

"का गं?"

"तिथे झोपायची खोली आणि वर्ग एकाच आवारात आहेत. तिथे उशीर होत नाही."

वकीलबाईंचा ठोकणारा पाय थांबला. न्यायाधीशबाईंनी पुन्हा विचारलं, वेगळ्या शब्दांत विचारलं, आई सकाळी घरी असेल आता, असंही सांगितलं. ठमीने दर वेळी हो बाई, समजलं बाई म्हटलं आणि शेवटी पुन्हा तेच सांगितलं. मी म्हणाले, तिला असं म्हणायचं नाहीये. मला कोणीतरी बसायला सांगितलं. न्यायाधीशबाईंनी चष्मा काढून डोळे पुसले. म्हणाल्या, तिची इच्छा आहे आणि तिथे ती रुळली आहे, तर हे शैक्षणिक वर्ष पुरं होईपर्यंत राहू दे, मग बघू. केस त्यांनी तोवर उघडीच ठेवली.

पाच मिनिटं भेटू दिलं. मी तयारी करून आले होते. तिने शिव्या दिल्या असत्या, मला ढकललं असतं, तोंड फिरवलं असतं, त्या प्रत्येकाला मी रोज भांडी घासताना उत्तर तयार केलं होतं. रुसलेल्या पोरीची समजूत काढता येते, मी जन्मभर काढत आले आहे. ती रुसलेली नव्हती. तिने विचारलं, "आत्याचे पाय कसे आहेत?" मी म्हटलं, बरे आहेत. 

न्यायला आलेला शिपाई दारापाशी मोबाइलवर बोलत होता. ठमी त्याच्या शेजारी जाऊन थांबली. त्याचं बोलणं संपेपर्यंत थांबली. मग हात वर केला आणि विचारलं, "जाऊ का?" त्याने मान हलवली, तेव्हा ती गेली.

घरी आल्यावर वन्संनी विचारलं, ठमीचं अंथरूण घालू का. मी म्हटलं, नको, गुंडाळून ठेवते.